आधी खिडकी

"आधी खिडकी," असं म्हणून आमच्या शेजारचे काका खोलीतल्या सगळ्या खिडक्या सताड उघडायचे आणि मगच थर्मोकोलच्या खोक्याला हात लावायचे. मे महिन्यातल्या पुण्याच्या दुपारी खिडक्या उघडणारा माणूस तुम्ही पाहिला नसेल. आम्ही दरवर्षी पाहायचो.

खोक्यात कोरडा बर्फ असे. त्याचं पाणी होत नाही, वायू होऊन तो उडून जातो, आणि बंद जागेत साठला तर माणूस गुदमरतो. काका तो येरवड्याच्या पलीकडून रिक्षाने आणत. माझ्या एसी गाडीतून चला म्हटलं, तर म्हणाले, "नको. रिक्षाला दारं नाहीत, हाच तिचा एक गुण."

खटाटोप होता आमरसाचा. काकूंचा हापूसवर भारी जीव. त्या गेल्या त्या वर्षी काकांनी रस घरच्या फ्रीजरमध्ये ठेवला, पितृपंधरवड्यात अविधवा नवमीला त्यांच्या पानात वाढायला. वाटीत काढला तर रस खाली आणि पाणी वर. संध्याकाळी जिन्यात मला म्हणाले, "तिला मी पाणचट रस वाढला हो." मला फार वाईट वाटलं.

पुढच्या मे महिन्यात ते मार्केट यार्डातून पेटी घेऊन थेट माझ्या दारात. रस सावकाश गोठला की बर्फाचे मोठे खडे होतात आणि तो फुटतो, झटकन गोठला तर जसाच्या तसा राहतो, असं सांगून मला आंबे पिळायला बसवलं. रसाच्या पातळ, चपट्या पिशव्या. हातात जाड हातमोजे, कारण उघड्या बोटांना हा बर्फ भाजतो. कागदात गुंडाळलेला बर्फ पिशव्यांच्या खाली आणि वर. "झाकण टेकवायचं, दाबायचं नाही," हे दरवर्षी नव्याने सांगत. पिशव्या दगडासारख्या झाल्या की मग फ्रीजरमध्ये.

आमच्या सासूबाईंना काहीही टाकणं म्हणजे पाप. एकदा त्यांनी उरलेला बर्फ फिरकीच्या झाकणाच्या डब्यात घट्ट बंद करून ठेवला. काकांना कळताच त्यांनी आम्हाला हाताला धरून बाहेर काढलं. आम्ही जिन्यात पोचतो तोच झाकण छतावर आदळलं. काका शांतपणे म्हणाले, "वहिनी, ही वस्तू वायाच घालवायची असते."

कोरड्या बर्फाच्या पहिल्याच वर्षी नवमीला रसात चमचा उभा राहत होता. काकांनी मला बोलावून दाखवला.

गेल्या हिवाळ्यात काका गेले. नवरा गेल्यावर अविधवा नवमी थांबते, असं गुरुजींनी सांगितलं. रस थांबवायला मला कुणी सांगितलेलं नाही. यंदा मेमध्ये खोकं मी आणलं, रिक्षाने. सासूबाई पिशव्या घेऊन बसल्या होत्या. मी हातमोजे चढवू लागले, तशा त्या उठल्या आणि त्यांनी खिडकी उघडली.