जावळाच्या आदल्या दिवशी सुमनताई

सुमनताई साठ वर्षांच्या झाल्या! गौरवग्रंथात लिहायला मला सांगितलं, तेव्हापासून माझा आनंद गगनात मावत नाही. दिसेल त्याला सांगत सुटलो आहे.

औरंगपुऱ्यातल्या त्यांच्या स्टुडिओत मी पहिल्यांदा गेलो तो फोटोग्राफी शिकायला. आत ताई चक्क जमिनीवर पालथ्या पडलेल्या आणि एक चिमुकले साहेब त्यांच्या पाठीवर बसून टाळ्या पिटत होते. "शिकायचंय व्हय? मग आधी खाली या," ताई म्हणाल्या. लेकरावर ओरडायचं नाही, धरूनबांधून बसवायचं नाही, हा त्यांचा शिरस्ता. एका वडिलांनी मुलाला दटावलं, तर ताईंनी वडिलांनाच बाहेर चहाला पाठवलं.

पुढे माझ्यावरच वेळ आली. माझी मुलगी ओवी तेव्हा तिसऱ्या वर्षात होती. दुसऱ्या दिवशी देवगाव रंगारीला तिचं जावळ ठरलेलं. काय ते कुरळे केस! एकदा वस्तरा फिरला की पुन्हा तसेच येतील याचा नेम नाही. मी लग्नाचे फोटो काढणारा माणूस, पण पोटच्या पोरीचा एक फोटो धड येईना. कुठे नुसता कान, कुठे पळती पाठ. बायको रडकुंडीला आली. शेवटी सगळं घर घेऊन ताईंकडे धावलो.

तिथं माझी आई खुळखुळा वाजवतेय, मेहुणा शिट्ट्या मारतोय, मी ओरडतोय आणि ओवी पडद्यामागे पसार! ताईंनी आम्हा सगळ्यांना गप्प केलं आणि कॅमेरा आईकडे वळवला.

"आजी, तुम्ही बसा. ह्या पोरीचा फोटोच नाय काढायचा आज."

"माझा कशाला बाई? म्हातारीचा?" आई लाजली. तिनं जन्मात कधी हौसेनं फोटो काढू दिला नव्हता. तरी पदर सावरून बसली. ओवीला हे कसं खपावं! तरातरा आली, आजीच्या मांडीवर चढली आणि कॅमेऱ्याकडे रोखून बघत राहिली. आईला हसू फुटलं. त्याच क्षणी ताईंनी बटण दाबलं. आम्ही सगळे नाचायचेच बाकी होतो!

जावळ झालं, केस गेले. काही वर्षांनी आईही गेली. तिचा मोकळं हसतानाचा तेवढाच एक फोटो आमच्याकडे आहे. आम्ही पोरीचे केस राखायला गेलो होतो, ताईंनी आई राखून दिली.

ताईंना निरोगी, उदंड आयुष्य लाभो आणि लेकरांमागे पळायला त्यांचे गुडघे शाबूत राहोत. आमच्या भिंतीवर आई रोज हसते आहे. या शुभेच्छांत तिचाही आशीर्वाद धरावा.