सईची चवथ

आमच्या तारकर्लीच्या घरी चवथ संपली की पाहुणे जातात आणि किस्से मागे राहतात. दर वर्षी भर पडतेच. अलीकडे त्यातले निम्मे माझ्या पुतणीचे, सईचे. राहते ठाण्याला, पण चवथीला आई-बाबांसोबत इथे हजर!

सहा वर्षांची असताना तिने विसर्जनाला रडून गोंधळ घातला. बाप्पा बुडेल, ही काळजी. माझ्या सासऱ्यांनी, म्हणजे तिच्या आजोबांनी, गंभीरपणे सांगितलं, "तेका पोहूक येता."

पुढच्या वर्षी तिने आपली पोहायची रिंग आणून मूर्तीपुढे ठेवली. "तरी असू दे," म्हणाली.

गणपतीच्या वर आम्ही माटवी बांधतो, म्हणजे लाकडी चौकटीला रानातली फुलंफळं टांगतो. पहिला टाळ, म्हणजे आंब्याची डहाळी, सईने बांधायचा, तोही काकाच्या खांद्यावर बसून, हे ठरलेलं. मागच्या वर्षी आमचे हे सवयीने खाली बसले. सई जागची हलेना. शेवटी हळूच म्हणाली, "काका, स्टूल द्या ना."

ह्यांना उठायला बराच वेळ लागला. गुडघ्यांमुळे, असं ते सांगतात.

त्याच दुपारी तिने मुलांच्या पंगतीत बसायला नकार दिला. आम्हा बायकांबरोबर शेवटी जेवणार म्हणे. मध्येच स्वयंपाकघरात गेले तर ही मोदक खात उभी. तोंड भरलेलं, तरी ऐटीत म्हणाली, "चव बघतेय."

आणि यंदाचं. आमच्याकडे चवथीत पाळी आली की बाईने मागच्या पडवीत बसायचं. मीही बसलेय, तिथूनच आरती ऐकलेय. सासरे ह्या बाबतीत फार कडक. त्यांच्याशी वाद घालायचं कधी कुणाच्या मनातही आलं नाही.

चवथीच्या सकाळी सईने मला बाजूला घेऊन सांगितलं की पाळी आलीय. पहिलीच. तिची आई गडबडून गेली. मी सईला जवळ घेतलं, काय हवं ते दिलं आणि सवयीने पडवीत घालायला चटई काढली.

वळून पाहते तर सई माजघरात, सोवळं नेसून समई लावणाऱ्या आजोबांपुढे उभी. आवाज थरथरत होता, पण सगळ्या घराला ऐकू गेला.

"आजोबा, मला पाळी आलीय. मी आरतीला इथेच उभी राहणार."

आजोबांनी काडी विझवली. तिच्याकडे पाहिलं. मग दारात चटई घेऊन उभ्या असलेल्या माझ्याकडे बराच वेळ पाहत राहिले.

"झांजा खंय आसत गो?" त्यांनी मला विचारलं. "हिका दी."