घडी न घातलेला कागद

अगं रुचे, जरा जवळ ये म्हणावं तर तू बसलीस नागपूरला! काल फोनवर काय म्हणालीस? "धाकटी आजी, एका फॉर्मला किती कागद मागतात, वीट आला." आणि वर हसत सांगतेस, शाळेच्या टी.सी.च्या चार घड्या करून पर्समध्ये कोंबली. शोभतं का तुला? झेरॉक्सबाईची नात ना तू?

माझ्या थोरल्या जाऊबाईंना, म्हणजे तुझ्या आजीला, गावानं ठेवलेलं नाव ते. मी त्यांना नुसतं बाई म्हणायची. घरात कुठलाही कागद आला की बाई दुसऱ्या दिवशी बसनं जाम गावाला जायच्या आणि तीन प्रती काढून आणायच्या. एकदा तर लग्नपत्रिकेच्याही काढल्या. दुकानदार चिडवायचा, "आत्याबाई, मशीनच घेऊन जा ना घरी!" बाई अगदी गंभीरपणे विचारायच्या, "पक्की पावती देशील काय तिची?"

घडी मात्र त्यांना खपायची नाही. सगळे कागद पत्र्याच्या पेटीत आडवे, सपाट. कारण तरुणपणी शाळेत शिपायाच्या जागेवर त्यांची निवड झाली होती. दाखला वर्षानुवर्षं घडीत पडलेला. साहेबांनी उलगडला, तर नेमका जन्मतारखेवर फाटलेला. वय दिसेना, जागा गेली. तेव्हापासून त्यांचं एकच, "आपण बोललो तं कोणी आयकत नाई. कागद बोलते."

पण एकदा कागद भलतंच बोलला.

तुझी आई गावातल्या अंगणवाडी सेविकेच्या जागेसाठी निवड यादीत पहिली आली. दुसरी होती आपल्याच गावची सून, रेखा. तिनं हरकत घेतली, की वैशाली इथली रहिवासी नाही, सिंदीला माहेरी राहते. सेविका गावातलीच लागते, असा नियम. चौकशीला माणसं आली तेव्हा तुझी आई खरंच सिंदीत होती. तू पोटात होतीस, नववा महिना. लग्नाला दीडच वर्ष झालेलं, रेशनकार्डात तिचं नाव चढवायचा अर्ज तहसीलीत पडून होता. नेमणूक थांबली.

बाई म्हणाल्या, बाळंतपणाला गेली होती याचा पुरावा देऊ. दवाखान्याचा कागद आणला, तीन प्रती काढल्या, स्वतःच्या हातानं फाइलला लावला. तारीख पाहिली. पत्ता पाहिलाच नाही.

वर्ध्याला सुनावणी होती. तू माझ्या मांडीवर, महिनाभराची; पेटी बाईंच्या मांडीवर, आणि पलीकडच्या बाकावर रेखा. सुनावणी घेणाऱ्या मॅडमनी फाइल चाळली आणि थांबल्या. "हा कागद तुम्हीच दिलात ना? यात वैशालीचा राहण्याचा पत्ता सिंदी आहे."

तुझ्या आजोळच्या आबांनी दवाखान्याच्या खिडकीवर घाईत आपलाच पत्ता सांगितला होता. बाईंचा हात पेटीवरच राहिला. आत तीन तीन प्रती होत्या, पण याचं उत्तर एकीतही नव्हतं. मला वाटलं, संपलं. सासूची जागा घडीनं गेली, सुनेची या कागदानं चालली.

आणि बाई बोलल्या. "मॅडम, पहिलं बाळंतपण माहेरीच करतेत आमच्याकडं. पोरगी माहेरी गेली म्हणून सासर सुटते काय?"

"मला कागद हवा," मॅडम म्हणाल्या.

बाई वळल्या. "रेखा, तुहा पोरगा कुठी झाला वं?"

रेखालाही ती जागा फार हवी होती गं, नवरा घरी बसून होता तिचा.

"कारंज्याले," ती हळूच म्हणाली. "माहेरी."

"मंग तू कारंज्याची काय?"

"नाई."

मॅडमनी पेन उचललं. "वैशाली तुमच्या गावात राहते की नाही? तुमचं उत्तर मी लिहून घेणार आहे. विचार करून सांगा."

तू तेवढ्यात रडायला लागलीस. रेखानं तुझ्याकडं पाहिलं, आणि तिलाच रडू फुटलं. "राह्यते जी. हातपंपावर रोज माह्या पुढंच नंबर असते तिचा."

त्या एका वाक्यावर तुझी आई सेविका झाली.

परतताना बसस्टँडवर रेखा लांब उभी होती. बाईंनी हाक मारली, "इकडं ये वं, चहा घे. अन् तुहे कागद उद्या घरी आणजो." पुढं मदतनिसाची जागा निघाली, तेव्हा रेखाची सगळी फाइल बाईंनी लावली. दोघी अजून एकाच अंगणवाडीत आहेत, तुला ठाऊकच आहे. आणि त्या दिवसानंतर प्रत काढण्याआधी बाई दुकानात उभ्या राहून पत्ता मोठ्यानं वाचायच्या. दुकानदार कंटाळला, पण त्या वाचायच्याच.

गेल्या पावसाळ्यात गेल्या त्या. शेवटी घशातून आवाज नीट निघत नव्हता, तरी मला म्हणाल्या, "पेटी वल्ली नको होऊ देजो."

काल तुझा फोन ठेवला आणि पेटी उघडली. सगळ्यात वर तोच दवाखान्याचा कागद, तुझ्या जन्माचा. तुझ्याजवळ असावा म्हणून पोस्टानं पाठवणार होते, पण पाकिटात मावायला घडी घालावी लागते, आणि माझे हात काही धजेनात. तूच ये गं. सणाची वाट पाहू नको, या रविवारीच येजो. पर्स आणू नको, रुंद पिशवी आण.