करवतच्या टेपांतला एक शब्द

करवतची वाचा गेली तेव्हा, "चला, गल्लीला पहिल्यांदाच शांत झोप लागेल," असं त्याची मोठी बहीण म्हणाली आणि मग भिंतीकडे तोंड करून रडली.

तो टायरच्या दुकानात पंक्चर काढायचा, तेव्हा या शहरात गाणं म्हणजे गायचंच असतं अशी सगळ्यांची समजूत होती. हा पठ्ठ्या बोलायचा. तालात, यमकात, दम न घेता. हवा भरायच्या पंपाची धडधड टेप करून, तिचे तुकडे जोडून त्याने आपला पहिला ठेका बनवला. "गळा नाही म्हणून बडबडतोस होय रे?" आई म्हणाली. पण पोरं जमली. गॅरेजात समोरासमोर उभं राहून एकमेकांची यमकात अब्रू काढायची. ज्याची बोलती बंद होईल त्याने मान खाली घालून निघून जायचं. समोरच्याला असा कापायचा की पोरांनी त्याचं नावच करवत पाडलं; त्याच्यापुढे कुणी टिकलं नाही. पुढे जो तो रॅप म्हणू लागला, आणि त्यातल्या बहुतेकांचे ठेके त्यानेच रचून दिले.

आता मेंदूतल्या एका गुठळीने त्याच्यापाशी फक्त "हं" ठेवला होता. कळायचं सगळं, पण लिहायला बसलं की अक्षरं मुंग्यांसारखी पांगत. डावा हात तेवढा शाबूत होता.

त्याची लेक लिफ्ट बसवण्याच्या कामात तरबेज. तिला परदेशातून बोलावणं आलं होतं. होकार की नकार, आज कळवायचं होतं.

"मी नाही जाणार, आत्या. बाबाला कोण बघेल?"

"मी काय मेलेय?"

"आधी तुझे गुडघे बघ."

भिंतीपलीकडे करवतने ऐकलं. तिची आई गेल्यापासून या पोरीने स्वतःसाठी काहीही मागितलं नव्हतं. ती आत येताच तो "हं, हं" करत दाराकडे बोट दाखवू लागला.

"बाहेर बसायचंय, बाबा?" तिने त्याची खुर्ची उचलून व्हरांड्यात ठेवली. तो तिथे बसून संतापाने डावी मूठ खुर्चीवर आपटत राहिला.

दुपारी तो आपल्या यंत्रापुढे बसला. त्यावर रबरी चौकोन होते. हव्या त्या चौकोनात आवाजाचा तुकडा भरायचा, बोट दाबलं की तो वाजतो. जुन्या सगळ्या टेपा त्यात उतरवलेल्या होत्या. जिभेला जमत नव्हतं ते त्याचाच तरुण आवाज बोलणार होता. त्याला एकच शब्द हवा होता. जा.

मिळाले, ढिगाने मिळाले. "जा, आधी तोंड धुऊन ये." "निघ, मंच तुझा नव्हे." "बाळा"सुद्धा सापडलं, पण पुढे "दूध पी आणि झोप" होतं, आणि गर्दीचं खिदळणं. उभ्या आयुष्यात एवढं बोलला, पण कुणाला मायेने निरोप दिलेला कुठेच नव्हता. त्याने "जा" संथ केलं, तर ते दारुड्यासारखं वाजलं. स्वर उतरवला, तर धमकी झाली. शेपूट कापलं तरी त्या एवढ्याशा अक्षरात छद्मी हसू मुरलेलं होतं.

लेक आली तेव्हा त्याने ते हळूच वाजवलं.

"जुनी भांडणं उकरतोयस होय?" ती हसली, त्याचे केस विस्कटले. "छान. मी एकदाचं नाही म्हणून सांगते, मग चहा करू." तिने फोन लावला.

पलीकडे घंटी वाजू लागली.

करवतने आवाज पूर्ण वाढवला. "दया नको तुझी!" त्याचाच आवाज कडाडला. "माझ्या घरात तुझं काय काम? निघ. तोंड दाखवू नकोस. निघ. निघ." मागे गर्दी आरोळ्या ठोकत होती. हात आपोआप ठेक्यात पडत होता, त्याला तो थांबवता येईना.

"बाबा, पुरे."

गॅरेजात बघायचा तसं त्याने तिच्याकडे बघितलं. अर्धा चेहरा मेलेलाच होता. उरलेला अर्धा त्याने मारून ठेवला. "निघ."

फोनमधून कुणीतरी हॅलो हॅलो करत होतं. तिने तो कानाला लावला. "येते मी," ती म्हणाली. "हो, लगेच निघू शकते."

ती आत गेली. बहीण लंगडत धावत आली. "अरे, पोटच्या पोरीला असं बोलतं का कुणी?"

"हं," करवत म्हणाला.

आत कपाट उघडल्याचा आवाज आला. त्याने घाईघाईने पुन्हा टेपा चाळायला घेतल्या. तिला निघायला अजून थोडा वेळ होता. तिला जवळ बोलावता येईल असं काहीतरी, कुठल्यातरी भांडणात, चुकून का होईना, आपण बोललो असूच.