खांद्यावर कॅमेरा घेतलेली पैलवान

कोरियातल्या मासानच्या आखाड्यात प्यो यून-हेनं भल्याभल्या पोरींना वाळूत लोळवलं होतं. वस्ताद तिचेच वडील, प्यो ग्वांग-सॉप. पण ऐन भरात असताना तिनं कुस्तीचा कमरपट्टा सोडून ठेवला आणि सिनेमाचं छायाचित्रण शिकायला सोल गाठलं.

"पैलवानाचं अंग घेऊन फोटो काढत बसणार?" वस्ताद भडकले. पुढं कुणी लेकीचं विचारलं, की म्हणायचे, "करते कायतरी नोकरी."

बऱ्याच वर्षांनी बुसानच्या डोंगरवस्तीत ती कॅमेरा सांभाळत असलेल्या सिनेमाचं काम चाललं होतं. आईनं लेकीसाठी किमचीच्या लोणच्याचा डबा देऊन वस्तादांना पिटाळलं, म्हणून ते पहिल्यांदाच शूटिंगवर आले.

नायिका पाठीवर गॅसची टाकी घेऊन वस्तीचा अख्खा उंच जिना चढणार होती आणि कॅमेरा सतत तिच्या चेहऱ्यासमोर. म्हणजे यून-हेनं उलट्या पावली चढायचं.

दिग्दर्शक नाम तॅ-गोन म्हणाला, "ताई, कॅमेरा तोल सांभाळणाऱ्या यंत्रावर लावू या. चित्र हलायचं नाही."

"यंत्राला धाप लागत नाही," यून-हेनं कॅमेरा खांद्यावर घेतला. "हिला लागते, मग मलाही लागू दे."

अर्धा जिना झाला आणि ओल्या पायरीवर तिची टाच सटकली. कॅमेरा झुकला.

"कंबर खाली! गुडघ्यात वाक, पोरी!" भिंतीकडून गर्जना झाली.

ती तशीच गुडघ्यात वाकली, तोल सावरून नायिकेच्या घामेजल्या चेहऱ्यावर कॅमेरा धरत वरपर्यंत पोचली.

"कोण ओरडलं?" तॅ-गोन पिसाळला. "सगळा आवाज वाया!"

वस्ताद डबा छातीशी धरून उभे. "सवय हो... तोंडातून गेलं."

तॅ-गोननं पडद्यावर दृश्य लावलं. कॅमेरा झुकला तिथं नायिकाच कोसळतेय असं वाटत होतं, आणि मग ती उठत होती.

"आवाज नंतर भरू," तो म्हणाला. "हे पुन्हा मिळायचं नाही. काका, यांना तुम्ही शिकवलंत?"

"उभं राहायला," वस्ताद म्हणाले. "बाकीचं तिचं तिनं."

सिनेमा मासानला लागला तेव्हा ते सगळा आखाडा घेऊन गेले. जिन्याचं दृश्य आलं. शेजारच्या पोरीनं कुजबुजत विचारलं, "वस्ताद, ताई कुठंय?"

"ती दिसत नसते, येडे. ती दाखवते!" त्यांचा आवाज थिएटरभर घुमला. पुढच्या रांगेतल्या बाईनं वळून डोळे वटारले.

"माझी मुलगी आहे," वस्तादांनी तिलाही सांगून टाकलं.