नामंजूर, पण काऊन?

दरेकशाला जाणाऱ्या गाडीत ती माझ्यासमोर बसली होती. मुलीचा ताबा मागणारा तिचा अर्ज कौटुंबिक न्यायालयानं फेटाळला होता.

"काऊन नाई म्हणलं, थे वाचून सांगा ना भाऊ," म्हणत तिनं हुकूम माझ्या हातात दिला.

‘दोन्ही बाजू ऐकल्या. अर्ज नामंजूर.’ बस्स, एवढंच. मी चक्रावलो. मागच्या बाजूला कारण असेल म्हणून पान उलटलं, तर कोरं. यात कारण लिहिलेलंच नाही, असं तिला सांगितलं.

तिनं कागद परत घेतला आणि तेंदूची पानं जुळवावीत तशा त्याच्या कडा जुळवत राहिली.

"तेंदूपान मोजून घेते त्या फळीवर मुन्शी आमचा पानाचा पुडा फेकते, तं पान फाटलं हाये म्हणून सांगते तरी. मंग आमी पान बदलतो. आता मी काय बदलू?"