धवलारीण गात असताना

रेवसच्या धक्क्यावरून सकाळची लाँच सुटली तेव्हा मी सतरा वर्षांची होते. माझगावला आत्याकडे राहून कॉलेज करायचं ठरलं होतं. पायाशी पत्र्याची ट्रंक होती आणि आईने शेवटच्या क्षणी चढवलेली सुक्या बोंबलांची टोपली. "सांभाळून ने, वरती काय ठेवू नको," एवढंच ती म्हणाली. बाबा धक्क्यावर आले नव्हते.

खाडीच्या मध्यावर टोपली कलंडली म्हणून मी ती सरळ करायला गेले, तर हाताला काहीतरी कठीण लागलं. बोंबलांखाली, आईच्या जुन्या लुगड्यात गुंडाळलेलं, बाबांचं जुनं ट्रम्पेट होतं. त्याचा मधला व्हॉल्व्ह माझ्या सगळ्या लहानपणात अडकत आला होता. मी तो दाबून पाहिला. तो अलगद खाली गेला आणि अलगद वर आला. कुणीतरी उघडून, पुसून, तेल घातलं होतं. आमच्या घरात ते काम येणारा माणूस एकच होता.

इरा, कबीर, नातवंडांनो, ही गोष्ट कळायला तुम्हाला आमच्या कोळीवाड्याची एक रीत माहीत हवी. बाबा लग्नाच्या बँडमध्ये ट्रम्पेट वाजवत. आई धवलारीण होती, म्हणजे हळदीत आणि लग्नात विधींची गाणी, धवले, गाणारी बाई. तिचा मान भटजीएवढा. ती गायला उभी राहिली की बँडवाले वाद्यं खाली करत. कुणाला सांगावं लागत नसे. खेळायला शिकण्याआधी मी बाबांकडे बघून हे शिकले.

बाबांनीच मला वाजवायला शिकवलं, नऊ वर्षांची असताना. बोंबील वाळत घालायच्या वलांड्यांमध्ये, कारण तिथल्या वासाने कुणी फिरकत नसे. चौदाव्या वर्षी मी म्हटलं की आता मला हळदीत वाजवायचंय. ते बराच वेळ माउथपीस पुसत राहिले. मग म्हणाले, "बाय, मांडवान बाईचा आवाज येकच. धवलारनीचा." त्यानंतर ट्रम्पेट खुंटीवर उंच गेलं. आणि तीन वर्षांनी ही टोपली. मी लाँचमध्येच ठरवलं की एक दिवस त्याच मांडवात वाजवायचं. हट्ट म्हणा हवं तर. तुमची आई तसंच म्हणते.

मुंबईत त्या वर्षी मी दोन लिप्या शिकले. सकाळी कॉलेजात इंग्रजी, मांडीवर डिक्शनरी घेऊन. दुपारी चर्चच्या मागच्या खोलीत मिंगेल सरांकडे नोटेशन. सर गोव्याचे, हॉटेलांतून आयुष्यभर ट्रम्पेट वाजवून थकलेले. माझा आवाज ऐकून त्यांनी खिडकी बंद केली. मी समुद्राच्या वाऱ्यात शिकलेली, मला हळू वाजवणं ठाऊकच नव्हतं. सहा महिने त्यांनी मला भिंतीपासून हातभर अंतरावर, भिंतीकडे तोंड करून उभं केलं. भिंत तक्रार करेल इतकं मोठं वाजवू नकोस, असं ते म्हणत.

बी.ए. झाल्यावर त्यांनीच मला पहिल्या फिल्मी रेकॉर्डिंगला नेलं. चाळीस वादक, मी एकटी मुलगी. सुरुवातीचा तुकडा मी चोख वाजवला. मग गायिकेने पहिली ओळ उचलली आणि मी ट्रम्पेट खाली केलं. समोरच्या कागदावर तिच्या आवाजाखालून जाणारी माझी बारा मापं, म्हणजे नोटेशनमधले बारा बार, लिहिलेली होती. ती मला दिसत होती, हात मात्र वर येईना. टेक मोडला. दुसऱ्यांदाही तेच झालं. सगळ्या वादकांचे कागद लिहिणारे अरेंजर काचेपलीकडच्या खोलीतून आत आले आणि विचारलं की काय अडचण आहे. मी खरं ते सांगितलं: बाई गात असताना वाजवायचं नसतं. चाळीस जण हसले. कुणीतरी मागून म्हणालं, "मग मॅडम, लग्नालाच जा." अरेंजर हसले नाहीत. ते म्हणाले, तिला झाकू नकोस, तिला उचल. तिसऱ्या टेकला मी डोळे मिटले, समोर आई उभी आहे असं मानलं आणि ती जिथे श्वास घेते तिथे श्वास घेतला. टेक पास झाला.

पुढची चाळीस वर्षं मी तेवढंच केलं, जागा फक्त बदलत गेल्या. नाताळात चर्च, शनिवारी हॉटेलात जॅझ, मग नाटकांचं पार्श्वसंगीत, मग शास्त्रीय गाणाऱ्यांबरोबर मींड काढायचा खटाटोप, ज्यासाठी अर्धा व्हॉल्व्ह दाबून ओठ सोलून घेतले. अलीकडे तर कानात बाळ्या घातलेल्या पोरांच्या कॉम्प्युटरवरच्या संगीतातही वाजवलं. लोक विचारत, तुमची शैली कोणती. मला प्रामाणिकपणे धवला म्हणावंसं वाटे, पण तो कुणाला माहीत नसे.

भावाच्या लग्नात मी बाबांना पुन्हा विचारलं होतं. तोवर माझं वाजवणं रेडिओवर लागत होतं, आणि बाबा ते वाड्याला ऐकवत, हे मला आईकडून कळत होतं. तरी ते नाही म्हणाले. मी पाहुण्यांत बसून हळद पाहिली. पुढे बाबा गेले, आई गेली. हट्ट राहिला.

यंदा भावाच्या नातीची, प्राचीची, हळद ठरली. तिने फोनवर सरळ सांगितलं की आजी, तू वाजवणार. माझा समोरचा दात हलतोय हे मी तिला सांगितलं नाही. डॉक्टर काढायचा म्हणत होते. दात गेला की ट्रम्पेट गेलं, निदान काही महिने, या वयात कदाचित कायमचं. मी तारीख हळदीनंतरची घेतली आणि रोज नऊ ते पावणेदहा लांब सूर धरत राहिले, दुखलं तरी.

संध्याकाळी मांडवात मी बँडच्या पोरांत उभी राहिले. त्यांच्यातल्या मोरक्याने विचारलं, "आजी, फुंक हाय ना अजून?" हिरावहिनी, माझी भावजय, आईच्या हाताखाली तयार झालेली आताची धवलारीण, हळद कालवत होती. मान वर न करता म्हणाली, "तुजा बापूस पालन्यान रडत व्हता तवापासून फुंकते ती." दोन गाणी आम्ही दणकून वाजवली. मग वहिनी उठली आणि सगळी वाद्यं खाली गेली. माझंही.

तिने पहिली ओळ आईच्याच चालीत म्हटली. श्वासाला थांबली आणि माझ्याकडे पाहिलं.

"थांबलीस कनाला? वाजव."

मी आवाज दबवणारा म्यूट ट्रम्पेटच्या तोंडाला लावला आणि तिच्या आवाजाखालून सूर धरला. मधला व्हॉल्व्ह अलगद खाली गेला. ट्रम्पेट तेच, बाबांचं.

दात आठवड्याने काढला. आता कवळीवर पुन्हा पहिल्यापासून शिकते आहे. सूर थरथरतो, पण मागच्या महिन्यापेक्षा चार मापं जास्त टिकतो.

मागे तुम्ही विचारलं होतं, आजी, तुझं घर नक्की कुठलं, मुंबईचं की गावचं? तेव्हा मी मुंबई म्हटलं होतं. ते चूकच नाही, माझी भिंत तिथेच आहे. पण पन्नास वर्षं मी ज्या मांडवात वाजवायची परवानगी मागत होते, तिथे शेवटी मला परवानगी मिळालीच नाही. उलट, थांबलीस का, असं विचारलं गेलं. तुम्हालाही असं विचारणारं कुणी जिथे भेटेल, तिथे ट्रंक खाली ठेवा.